पट्टी वाचणारा माणूस

नाशिकच्या बाजार समितीत संध्याकाळचा लिलाव सुरू झाला की कोथिंबीर आणि मेथी जुड्यांच्या शेकड्याने विकली जाते, टोमॅटो क्रेटने जातो आणि उरलेला माल वजनावर. एकाच शेतकऱ्याने एकाच पिकअपमधून या तिन्ही तऱ्हांचा माल आणलेला असतो आणि तो सगळा त्याच्या नावाच्या एका कागदावर, एका बेरजेत बसवावा लागतो. या कागदाला हिशेबपट्टी म्हणतात. बाजारात नुसतेच पट्टी. २००३ साली मी ज्या सॉफ्टवेअर कंपनीत कामाला लागलो, ती या पट्टीसाठीच निघाली होती. कंपनी हा शब्द तेव्हा जरा मोठाच होता. पंचवटीत एका पिठाच्या गिरणीवरची खोली, दोन भागीदार, तीन संगणक आणि मी. गिरणी चालू असली की कीबोर्डवर पिठाचा पातळ थर बसायचा आणि सकाळी आल्यावर तो पुसणे हे माझे पहिले काम असायचे.

भागीदारांपैकी एकाने इलेक्ट्रॉनिक्सची पदविका घेतलेली होती आणि दुसऱ्याचे वडील बाजार समितीत एका अडत्याकडे, म्हणजे शेतकऱ्याचा माल लिलावात विकून देणाऱ्या दलालाकडे, मुनीम होते. प्रोग्राम पहिल्याने लिहिला असला तरी त्यात काय असावे हे दुसऱ्याला ठाऊक होते, कारण लहानपणापासून त्याने वडिलांना रात्री कंदिलासारख्या पिवळ्या दिव्याखाली पट्ट्या करताना पाहिले होते. वर शेतकऱ्याचे नाव आणि गाव, मग मालाचा नग, दर, रक्कम. त्याखाली वजावटी, म्हणजे हमाली, तोलाई, अडत (अडत्याचे कमिशन), गाडीभाडे, आधी घेतलेली उचल. आणि सर्वांत खाली हातात पडणारी रक्कम. मुनीम हे सगळे कार्बन लावून, बोलता बोलता, डाव्या हाताने चहाचा कप धरून लिहीत असत. आमचे यंत्र त्यांच्यापेक्षा वेगवान आहे असे आम्ही गाळ्यागाळ्यांवर सांगत फिरत होतो आणि गाळ्यागाळ्यांवरून हसून परत पाठवले जात होतो.

आमच्या पहिल्या गिऱ्हाइकाने हे सॉफ्टवेअर घेतले ते वेगासाठी नाही. तो म्हणाला, "हिशेब माझा मुनीम तुमच्या यंत्राच्या आधी करतो. पण त्याचं अक्षर शेतकऱ्याला लागत नाही. मग तो अर्धा तास माझ्या डोक्याशी उभा राहतो." अक्षर लागले नाही की आकड्यावर संशय येतो आणि संशय आला की पुढच्या वेळी गाडी शेजारच्या गाळ्यापुढे उभी राहते. छापलेली पट्टी शेतकऱ्याला वाचता येईल, एवढ्याचसाठी त्या माणसाने त्या काळात बरीच वाटणारी रक्कम मोजली. त्या संध्याकाळी खोलीवर परत येताना दोघे भागीदार गप्प होते. आपण विकत होतो ते एक आणि घेतले गेले ते वेगळेच, हे त्यांना उमगले असावे. मला मात्र ते समजायला पुष्कळ वर्षे लागली. आपल्या धंद्याचा विचार आता करतो तेव्हा मला तो एकाच प्रश्नाभोवती फिरताना दिसतो: हा कागद वाचणार कोण?

पट्टी मराठीत हवी, हे उघड होते. करणे मात्र जिकिरीचे होते. त्या दिवसांत मराठी अक्षरे संगणकात फॉन्टच्या लबाडीने बसवलेली असत. पडद्यावर 'निफाड' दिसायचे, पण यंत्राच्या पोटात इंग्रजी अक्षरांची एक निरर्थक ओळ साठवलेली असायची. त्यामुळे नावे अनुक्रमाने लावायला सांगितली की आव्हाड खाली आणि सोनवणे वर, असा काहीतरी भलताच क्रम यायचा. पुढे मराठी अक्षरे खरोखर मराठी म्हणूनच साठवणाऱ्या युनिकोडवर आलो तेव्हा शेतकऱ्यांची जुनी नावे उलगडण्यासाठी आम्ही एक रूपांतरक लिहिला, तरी रफार आणि जोडाक्षरे हाताने दुरुस्त करावी लागलीच. 'दिंडोरी'वरचा अनुस्वार कुठे हरवतो, याचा शोध घेण्यात माझा एक अख्खा पावसाळा गेला. डॉट मॅट्रिक्स प्रिंटरची रिबन फिकी पडली की तोलाईतला काना उडून जायचा, आणि शेतकरी विचारायचा, "हे तोलई काय लावलंय?"

हिशेबाच्या सॉफ्टवेअरच्या धंद्यात उतरलेल्या प्रत्येकाला टॅलीची कथा पाठ असते. गिरण्या-कारखान्यांना कच्चा माल आणि यंत्रांचे भाग पुरवणाऱ्या श्याम सुंदर गोएंका यांना आपल्या व्यवसायाचे हिशेब सांभाळील असे सॉफ्टवेअर मिळेना, म्हणून त्यांचे पुत्र भरत गोएंका यांनी ते लिहिले आणि १९८६ मध्ये बंगळूरमध्ये बापलेकांची कंपनी उभी राहिली. तिचे मूळ नाव प्युट्रॉनिक्स. टॅली सोल्युशन्स हे नाव १९९९ मधले. आमचे भागीदार ही कथा नव्या मुलांना स्फूर्तीसाठी सांगत. मला तिच्यातला दुसराच भाग महत्त्वाचा वाटतो. तिथे कागद वाचणारा स्वतः मालक होता. आपल्या धंद्यात काय चालले आहे हे त्यालाच पाहायचे होते. आमच्याकडे मालकाला पाहायचे नव्हते, त्याला दाखवायचे होते; त्याला सगळे तोंडपाठ असायचे. टॅलीशी स्पर्धा करण्याची आमची ताकद नव्हती आणि गरजही नव्हती. शेकडा, क्रेट, उचल, गाडीभाडे यांत कोणी बाहेरचा लक्ष घालणार नव्हता. आमच्या बहुतेक गिऱ्हाइकांकडे दोन्ही असत: पट्टी आमची आणि वर्षअखेरीस सी.ए.कडे द्यायचा ताळेबंद टॅलीचा. हत्तीच्या सावलीत शेळीही निवांत चरते, तसे आम्ही वाढलो.

१ एप्रिल २००५ रोजी महाराष्ट्रात विक्रीकराच्या जागी मूल्यवर्धित कर, म्हणजे व्हॅट, आला आणि कागदाचा दुसरा वाचक उगवला. व्हॅटमध्ये खरेदीवर भरलेल्या कराची वजावट मिळायची. अर्थात, कोणाकडून किती घेतले आणि कोणाला किती विकले, याची नावानिशी यादी ठेवणे आले. कर सल्लागारांच्या कचेऱ्यांत जे-वन आणि जे-टू हे शब्द घरातल्या पोरांच्या नावांसारखे उच्चारले जाऊ लागले, पहिले विक्रीचे आणि दुसरे खरेदीचे परिशिष्ट. बाजार समितीबाहेरचे दुकानदार, म्हणजे रविवार कारंज्यावरचे हार्डवेअरवाले, भांडी बाजारातले तांब्या-पितळेचे व्यापारी, सातपूरच्या छोट्या वर्कशॉपवाल्यांपर्यंत सगळे आमच्याकडे येऊ लागले ते याच परिशिष्टांपायी. त्यांना आमच्याकडे आणले ते त्यांच्या कर सल्लागारांनी. सल्लागाराला चाळीस दुकानदारांच्या चाळीस तऱ्हांच्या वह्यांतून यादी काढण्याचा कंटाळा आला होता, आणि आमचे सॉफ्टवेअर त्याला हव्या त्या साच्यात यादी काढून देत होते. आम्ही गिरणीवरची खोली सोडली, कॉलेज रोडला एक मजला भाड्याने घेतला आणि भागीदारांनी पहिल्यांदा स्वतःसाठी खुर्च्या विकत घेतल्या, तोवर ते गिऱ्हाइकांसाठीच्या प्लास्टिकच्या खुर्च्यांवरच बसत.

या काळातल्या वाढीविषयी आमच्या कंपनीच्या पत्रकांत दूरदृष्टी वगैरे शब्द आहेत. त्या पत्रकांतला मजकूर काही वर्षे मीच लिहीत होतो, म्हणून सांगतो: आमचा सर्वांत कार्यक्षम विक्रेता शासकीय राजपत्र हा होता. दर बदलला, नमुना बदलला, मुदत बदलली की आमचा फोन वाजायचा. त्यातली भीती मला त्या वेळी दिसत होती आणि तिच्यावर आपला पगार चालतो हेही कळत होते.

जुलै २०१६ ची गोष्ट मात्र मी पत्रकात कधी लिहिली नाही. राज्य शासनाने फळे आणि भाजीपाला नियमनमुक्त केला, म्हणजे तो बाजार समितीबाहेरही विकायची मोकळीक दिली, आणि त्याबरोबर अडत शेतकऱ्याऐवजी खरेदीदाराकडून घ्यावी असा बदल केला. त्यावर व्यापाऱ्यांनी जिल्ह्यात लिलाव बंद ठेवले, बैठका झाल्या, वर्तमानपत्रांचे रकाने भरले. आमच्या दृष्टीने ही एका ओळीची जागा बदलण्याची बाब होती: पट्टीतल्या वजावटींमधून अडत काढायची आणि ती खरेदीदाराच्या बिलात घालायची. आम्ही दोन दिवसांत नवी आवृत्ती काढली आणि गाळ्यागाळ्यांवर जाऊन बसवली. एका अडत्याकडे मात्र जुन्या, नेहमीच्या शेतकऱ्यांना अडतीत थोडी सूट दिलेली होती आणि ती टक्केवारी प्रत्येकाच्या खात्याला वेगळी चिकटवलेली होती. आम्ही सर्वसाधारण दर शून्य केला. खात्यांना चिकटलेले दर तसेच राहिले. त्या संध्याकाळी ऐंशीच्या आसपास पट्ट्या निघाल्या, आणि त्यांत अडत दोन्हीकडून कापली गेली: खरेदीदाराकडूनही आणि शेतकऱ्याकडूनही.

चूक आमच्या लक्षात आली नाही, अडत्याच्या नाही, मुनिमाच्याही नाही. दिंडोरी तालुक्यातला एक शेतकरी गाळ्याच्या ट्यूबलाइटखाली उभा राहून पट्टी वाचत होता. तो परत आला आणि शांतपणे म्हणाला, "कायदा बदलला म्हणे. मग ही ओळ कशी काय राहिली?" मला बोलावणे आले तेव्हा रात्रीचे नऊ वाजले होते. खालची रक्कम पाहून मुकाट्याने खिशात घालणारे पुष्कळ असतात आणि ते त्या रात्री निघूनही गेले होते. आम्ही तिघे जण यादी घेऊन बसलो. ज्यांचे फोन नंबर होते त्यांना मी फोन केले. ज्यांचे नव्हते त्यांची नावे गावांप्रमाणे वेगळी काढून, दुसऱ्या दिवशी त्या गावांकडे जाणाऱ्या पिकअपवाल्यांच्या हाती फरकाच्या रकमेची पाकिटे दिली. फोनवर कोणी रागावले नाही, याचेच मला ओझे वाटत होते. एका म्हाताऱ्या बाईंनी तर "बरं झालं सांगितलं" म्हणून वर माझीच विचारपूस केली. अडत्या रात्री एक वाजेपर्यंत आमच्याबरोबर होता. जाताना तो एवढेच म्हणाला, "चूक तुमच्या यंत्राची असेल. पण पट्टीवर नाव माझ्या गाळ्याचं आहे."

त्यानंतर काही वर्षे आम्ही एक रीत पाळली. कोणताही बदल केला की दहा पट्ट्या छापायच्या आणि बाजारातल्या एखाद्या मुनिमापुढे किंवा शेतकऱ्यापुढे बसून त्या त्याच्याकडून मोठ्याने वाचून घ्यायच्या. वाचताना माणूस जिथे अडखळतो तिथे काहीतरी खोट असतेच, असा आमचा अनुभव होता. पुढे चाचणीचा स्वतंत्र विभाग आला आणि ही रीत बंद पडली. ती बंद झाल्याचे कोणी ठरवले नाही; आम्ही वाढलो, एवढेच.

१ जुलै २०१७ रोजी वस्तू व सेवा कर आला आणि आमच्याकडे माणसे कमी पडू लागली. पहिले थ्री-बी, म्हणजे या कराचे मासिक विवरणपत्र, भरण्याची २० ऑगस्टची मुदत २५ ऑगस्टपर्यंत वाढवण्यात आली. त्या आठवड्यात मी घरी फक्त आंघोळीला जात होतो. त्यानंतरच्या नोंदी एखाद्या पंचांगासारख्या सांगता येतात: २०१८ मध्ये मालवाहतुकीसाठी ई-वे बिल, २०२० च्या ऑक्टोबरपासून मोठ्या उद्योगांना सरकारी पोर्टलवर नोंदवायचे ई-इन्व्हॉइस आणि मग दर काही महिन्यांनी उलाढालीची मर्यादा खाली येत येत १ ऑगस्ट २०२३ पासून पाच कोटींवर. सराफ बाजारात एप्रिल २०२३ पासून सोन्याच्या दागिन्यांवर सहा अक्षरी हॉलमार्क क्रमांक. २२ सप्टेंबर २०२५ रोजी, ऐन घटस्थापनेला, दरांचे टप्पे बदलले आणि फरसाण, तूप, लोणी यांचे बारा टक्के पाचावर आले. दुकानात घट बसण्याआधी दर बदललेला हवा, म्हणून आमची मुले आदल्या रात्री जागली. यातल्या प्रत्येक तारखेला आमची गिऱ्हाइके वाढली. आज कंपनीचे दोन मजले आहेत आणि तिथे काम करणाऱ्या सगळ्यांची नावे मला येत नाहीत.

या पंचांगातली एक तिथी मात्र मला बाकीच्यांपेक्षा वजनदार वाटते. १ जानेवारी २०२२ पासून खरेदीदाराला कराची वजावट मिळण्यासाठी विक्रेत्याचे बिल खरेदीदाराच्या टू-बीत, म्हणजे विक्रेत्यांनी भरलेल्या विवरणपत्रांवरून आपोआप तयार होणाऱ्या विवरणात, दिसणे आवश्यक झाले. म्हणजे नाशिकच्या अंबड औद्योगिक वसाहतीत दोन लेथ आणि एक मिलिंग मशीन घेऊन बसलेल्या माणसाने मोठ्या कारखान्याला भाग पुरवले, बिल दिले, माल पास झाला. पण त्याने आपले विवरणपत्र उशिरा भरले किंवा बिल क्रमांकात एक शून्य कमी टाकला, तर कारखान्याची वजावट अडकते. अशा वेळी कारखान्याचा लेखा विभाग त्या माणसाची कराची रक्कम अडवून ठेवतो. "तुमचं बिल टू-बीत दिसत नाही," हे वाक्य आज अंबड-सातपूरमध्ये जितक्यांदा ऐकू येते तितक्यांदा यंत्राचा भोंगाही वाजत नसेल. या माणसाला सॉफ्टवेअर हवे होते असे नाही. त्याला त्याच्या गिऱ्हाइकाच्या यंत्राला वाचता येईल असा कागद हवा होता. इथे कागदाचा वाचक माणूसच राहिला नाही. त्या यंत्राला बिलातले अक्षर सुबक आहे की नाही याच्याशी कर्तव्य नाही. क्रमांक जुळतो की नाही, एवढेच ते पाहते.

आणि हे आम्ही फार चांगले करतो, हे मी अभिमानाने सांगतो. एका अक्षराची चूक आमचे सॉफ्टवेअर बिल छापण्याआधी पकडते. उधारीत बुडणाऱ्या वर्कशॉपवाल्याचे अडकलेले पैसे त्यामुळे वेळेवर सुटतात, तेव्हा तो आमच्या मुलांना पेढे आणून देतो. तरीही याच काळात आमच्याविषयीची एक तक्रार वाढत गेली आणि ती खोटी नाही. पूर्वी आम्ही सॉफ्टवेअर एकदाच विकायचो. आता वर्षाचे पैसे घेतो. "भांडं विकत घेतलं, आता त्याचं भाडं का देऊ?" असे मला भांडी बाजारातल्या एका व्यापाऱ्याने विचारले. कायदा दर महिन्याला बदलतो, त्याप्रमाणे आम्हाला बदलावे लागते, त्याला माणसे लागतात, हे माझे उत्तर खरे आहे. पण २०२३ मध्ये क्विकबुक्ससारख्या जगभर नाव असलेल्या सॉफ्टवेअरने भारतातली सेवा थांबवली, तेव्हा आपापल्या हिशेबांच्या फाइली घेऊन काही जण आमच्या दारात आले. त्यांचे चेहरे पाहिल्यावर भाड्याच्या घरात राहणाऱ्याची धाकधूक काय असते ते मला कळले. गाव सोडून न जाणारी कंपनी, हे आमचे त्यांना सांगण्यासारखे एक बलस्थान होते. झोहो या सॉफ्टवेअर कंपनीने २०११ मध्ये तमिळनाडूतल्या तेनकाशीसारख्या ठिकाणी कचेरी काढली, त्याचे कौतुक सर्वत्र होते आणि ते रास्तही आहे. आम्ही मात्र नाशकात राहिलो ते काही तत्त्वासाठी नाही. आमची गिऱ्हाइके इथे होती आणि भागीदारांना पुण्याची हवा मानवत नव्हती.

भाड्याविषयी विचारणाऱ्या त्या व्यापाऱ्याकडे मी गेल्या दिवाळीत लक्ष्मीपूजनाला गेलो होतो. गल्ल्यावर आमचे सॉफ्टवेअर चालणारा संगणक झेंडूची माळ घालून बसला होता आणि शेजारी लाल कापडात बांधलेली कोरी वही. दोन्हींना हळदकुंकू लावलेले होते. वही केवळ पूजेपुरती असेल, असे मला वाटले. बोलता बोलता त्यांनी गल्ल्याचा खालचा खण उघडला आणि आत एक जुनी, कोपरे झिजलेली डायरी दिसली. तिच्यात जमा आणि नावे अशा दोन उभ्या रेघा, बाजूला माणसांची आडनावे आणि काही ठिकाणी नुसत्या खुणा. मी विचारले तर ते हसले. "ते तुमचं सरकारसाठी. हे माझ्यासाठी. रात्री झोपायच्या आधी मला कळायला हवं ना, माझं काय चाललंय ते." आमचे सॉफ्टवेअर त्यांच्याकडे २००६ पासून आहे.

मी ही गोष्ट कचेरीत सांगितली तेव्हा नव्या मुलांपैकी एक म्हणाला की आपण एकशे चाळीस प्रकारचे अहवाल देतो, त्यांतला एखादा त्यांना दाखवायला हवा होता. मी ते एकशे चाळीस अहवाल एका दुपारी शीर्षकांसह वाचून काढले. त्यांतले निम्म्याहून अधिक कर भरण्यासाठी होते, काही बँकेसाठी, काही सी.ए.साठी, काही मोठ्या गिऱ्हाइकांच्या लेखा विभागांसाठी. तेरीज होती, ताळेबंद होता, थकबाकीची वयोमानाप्रमाणे वर्गवारी होती. दुकान बंद करून घरी जाताना वाचण्यासारखा एकही नव्हता.

तीन आठवड्यांपूर्वी सिडकोत मसाल्यांचा गृहउद्योग चालवणाऱ्या एका ताई कचेरीत आल्या. त्यांच्याकडे सहा बायका कामाला आहेत आणि माल नाशिक रोडपासून पार सिन्नरपर्यंत दुकानांत जातो. त्यांची मागणी एका पानाची होती: महिन्याच्या शेवटी एकच कागद, मराठीत, मोठ्या अक्षरात, महिनाभरात माझ्या हातात किती राहिले ते सांगणारा. एखाद्या दिवसाचे काम आहे, असे समजून मी ते नव्या मुलांना दिले. तीन आठवडे झाले, ते अजून संपलेले नाही. नफा दाखवावा तर त्यात न आलेली उधारी धरलेली असते. रोख दाखवावी तर त्यात घराच्या खर्चाला काढलेले पैसे दिसत नाहीत. आणि स्वतःच्या श्रमांची रक्कम कुठल्या ओळीत लिहायची याची सोय आमच्याकडे कधीच नव्हती. पहिला नमुना त्यांना दाखवला तेव्हा त्यांनी चष्मा लावला आणि तो कागद वरपासून खालपर्यंत मोठ्याने वाचला. तिसऱ्या ओळीवर त्या अडखळल्या.

"ही सिन्नरची उधारी तुम्ही इथे मिळवलीय," त्या म्हणाल्या. "ती आली नाही अजून. मग ती हातात कशी?"

मी कागद परत घेतला आणि त्या ओळीवर पेन्सिलीने काट मारली.